शिल्लक कोणाची, तूट कोणाची?



अर्थसंकल्पावर व्याख्यान आहे म्हटले की मागच्या दोन रांगांतली मंडळी आधी दार कुठे आहे ते पाहून ठेवतात. त्यांना एवढीच विनंती की थोडा वेळ बसा. आज आकडे येतील, पण बेताने येतील. आणि जे येतील ते तुमच्याच खिशातून गेलेल्या किंवा तुमच्याच नावाने उचललेल्या पैशांचे असतील.

हे व्याख्यान नामदार गोपाळ कृष्ण गोखले यांच्या स्मरणार्थ आहे. गोखल्यांचे स्मरण आपण बहुतेक वेळा गांधीजींचे गुरू म्हणून करतो, नाहीतर टिळकांचे प्रतिस्पर्धी म्हणून. पण या माणसाने आयुष्यातला मोठा काळ कशात घालवला? सरकारच्या जमाखर्चात. म्हणून आज त्यांच्याविषयी बोलण्यापेक्षा त्यांच्या कामाविषयी बोलावे असे मी ठरवले आहे.

दरवर्षी फेब्रुवारी-मार्चमध्ये आपल्याकडे एक सोहळा होतो. काय स्वस्त झाले, काय महागले, याच्या याद्या लागतात. संध्याकाळी तुटीचा आकडा येतो. तूट कमी असेल तर अर्थमंत्री शहाणा, जास्त असेल तर उधळ्या. निकाल लागला, दूरदर्शन संच बंद! माझे म्हणणे असे की हा निकाल घाईचा आहे. शिल्लक हा आपोआप गुण ठरत नाही आणि तूट हा आपोआप गुन्हा ठरत नाही. त्याआधी तीन प्रश्न विचारावे लागतात. पैसा कोणाकडून आला? कशावर गेला? आणि जाताना कोणी विचारले का? याच क्रमाने मी बोलणार आहे.

पहिला प्रश्न. पैसा कोणाकडून आला?

२६ मार्च १९०२. कलकत्त्याला व्हाइसरॉयच्या कायदेमंडळात अर्थसंकल्पावर चर्चा आहे. अध्यक्षस्थानी लॉर्ड कर्झन. अर्थखात्याचे सदस्य एडवर्ड लॉ यांनी मोठी शिल्लक दाखवलेली. तीही पहिल्यांदा नाही, सलग काही वर्षे तिजोरीत पैसा उरत होता. अशा वेळी सदस्यांनी उठावे, अर्थसदस्यांचे अभिनंदन करावे आणि खाली बसावे, अशी रीत. मुंबई प्रांतातून नव्याने निवडून आलेले गोखले उठले. वय पस्तीस. या अभिनंदनात आपल्याला मनापासून सहभागी होता येत नाही, असे त्यांनी सुरुवातीलाच सांगितले.

का? देशाने नुकतेच दोन भीषण दुष्काळ पाहिले होते, १८९६-९७ चा आणि १८९९-१९०० चा. प्लेग तर मुंबई-पुण्यात घरात शिरून बसला होता. ज्या देशात माणसे अन्नावाचून मरतात त्या देशाच्या सरकारकडे पैसा उरतो, हे कौतुकाचे की काळजीचे? गोखल्यांनी केवळ हळहळ व्यक्त केली नाही. शिल्लक कशी तयार झाली, त्याचा हिशेब मांडला. आणि तो हिशेब आजही अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याने वाचावा असा आहे.

हिशेब असा. हिंदुस्थान सरकारला दरवर्षी इंग्लंडमध्ये पौंडात मोठी रक्कम भरावी लागे. त्यात कर्जाचे व्याज होते, अधिकाऱ्यांची पेन्शने होती, लष्कराचा खर्च होता. चांदी घसरली तशी रुपयाची किंमत घसरली आणि तेवढेच पौंड भरायला जास्त रुपये लागू लागले. ते भरून काढायला सरकारने कर वाढवले. १८८८ साली मिठावरचा कर मणाला दोन रुपयांवरून अडीच रुपये झाला. पुढे १८९३ साली सरकारने टाकसाळी लोकांच्या चांदीला बंद केल्या. रुपया हळूहळू वर चढला आणि सोळा पेन्सांवर स्थिरावला. आता तेवढेच पौंड कमी रुपयांत भरता येऊ लागले. म्हणजे कर वाढवण्याचे कारण संपले. मग कर उतरले का? नाही. कारण गेले आणि कर राहिले. त्या राहिलेल्या करांतून जी रक्कम साठली, तिचे नाव शिल्लक!

म्हणून गोखले म्हणत होते की ही शिल्लक सुबत्तेची खूण नाही, गरजेपेक्षा जास्त उपसल्याची खूण आहे. मीठ श्रीमंतालाही तेवढेच लागते आणि गरिबालाही तेवढेच लागते. त्यामुळे मिठाच्या करात गरिबाच्या मिळकतीचा वाटा नेहमी मोठा जातो. मिठाचा कर उतरवा, प्राप्तिकराच्या माफीची मर्यादा वाढवा, उरलेला पैसा शिक्षणावर घाला, अशा त्यांच्या मागण्या होत्या.

१९०३ साली मिठाचा कर पुन्हा दोन रुपये झाला. १९०५ साली दीड. १९०७ साली एक. प्राप्तिकराची माफी पाचशे रुपये उत्पन्नावरून हजारावर गेली. एका भाषणाने कर उतरला असे मी म्हणणार नाही, सरकारे इतकी भाषणप्रेमी नसतात. पण आकड्यांना आकड्यांनी दिलेले उत्तर सरकारला टाळता आले नाही, हे खरे. इथे आणखी एका माणसाचे नाव घेतले पाहिजे. या आकड्यांमागे न्यायमूर्ती रानड्यांची शिकवण होती, तसे गणेश व्यंकटेश जोशी यांचे कष्ट होते. सरकारी हायस्कुलात शिकवणारा हा माणूस सरकारचेच अहवाल पिंजून काढी आणि गोखल्यांना आकडे पुरवी.

आता आजचे पाहू. मिठावर आज जीएसटी शून्य आहे. पण मिठाची जागा दुसऱ्या वस्तूंनी घेतली आहे. अंगाचा साबण, केसांचे तेल, दात घासायची पेस्ट यांवर कालपरवापर्यंत अठरा टक्के कर होता. २२ सप्टेंबर २०२५ पासून तो पाच टक्क्यांवर आला. चांगले झाले. पण २०१७ पासून आठ वर्षे तो कोण भरत होते? ऊसतोड कामगारही भरत होता आणि घरकामाला येणाऱ्या बाईही भरत होत्या.

हे मुद्दाम सांगतो, कारण आपल्या मध्यमवर्गात एक वाक्य फार ऐकू येते. ‘आम्ही कर भरायचा आणि त्यांना फुकट वाटायचे.’ या ‘आम्ही’मध्ये कोण कोण आहे? २०२५-२६ पासून नव्या पद्धतीत बारा लाखांपर्यंतच्या उत्पन्नाला प्राप्तिकर लागत नाही. म्हणजे या सभागृहातले कितीतरी लोक यंदा प्राप्तिकर भरणार नाहीत. साबणावरचा कर मात्र आपण सगळे भरतो, बाहेर चहा विकणाराही भरतो. या देशात कर न भरणारा माणूस नाही. कोणाला पावती मिळते आणि कोणाला मिळत नाही, एवढाच फरक.

दुसरा प्रश्न. पैसा कशावर गेला?

इथे तुटीचा विषय येतो. अंथरूण पाहून पाय पसरावेत, हे आपण लहानपणापासून ऐकतो. घराला ते लागू आहे. सरकारला अर्धेच लागू आहे. घराने खर्च आवरला तर घर सावरते. पण वाईट काळात सगळ्याच घरांनी हात आखडला आणि सरकारनेही आखडला, तर दुकानात गिऱ्हाईक कोण? कारखान्यात मागणी कुठून यायची? सरकारचा खर्च हे कोणाचे तरी उत्पन्न असते. २०२०-२१ मध्ये करोनाच्या वर्षी केंद्राची राजकोषीय तूट देशाच्या उत्पन्नाच्या नऊ टक्क्यांवर गेली. त्या वर्षी ती तीन टक्क्यांवर रोखून धरली असती तर ते शहाणपण ठरले असते का? मुळीच नाही.

पण याचा अर्थ तूट निरुपद्रवी आहे असा नव्हे. १९९० च्या सुमारास केंद्राची तूट आठ टक्क्यांच्या आसपास होती, आणि त्या वेळी करोना नव्हता. कर्ज काढून चालू खर्च भागवण्याची सवय वर्षानुवर्षे मुरली होती. त्यात आखाती युद्ध आले, तेल महागले, आणि परकीय चलनाचा साठा जेमतेम दोन-तीन आठवड्यांच्या आयातीपुरता उरला. जुलै १९९१ मध्ये रिझर्व्ह बँकेने सुमारे ४७ टन सोने तारण म्हणून मुंबईहून विमानाने परदेशी पाठवले. तूट कशासाठी केली हे विचारायचे राहून गेले, त्याची ती किंमत.

म्हणून तुटीचा एकच आकडा पाहू नका. महसुली तूट आणि राजकोषीय तूट वेगळ्या पाहा. सरकारने पूल, धरण, इस्पितळ बांधायला कर्ज काढले तर पुढच्या पिढीकडे कर्जही जाते आणि पूलही जातो. पगार, पेन्शन, व्याज आणि अनुदाने भागवायला कर्ज काढले तर पुढच्या पिढीकडे फक्त कर्ज जाते. दुसऱ्या प्रकारच्या कर्जाला महसुली तूट म्हणतात, आणि दोन्ही प्रकार मिळून होते ती राजकोषीय तूट.

आपल्या महाराष्ट्राचा २०२५-२६ चा अर्थसंकल्प घ्या. एकूण खर्च सुमारे ७ लाख कोटी रुपये. महसुली जमा ५ लाख ६१ हजार कोटी, महसुली खर्च ६ लाख ७ हजार कोटी. म्हणजे रोजचा संसार चालवायलाच जवळजवळ ४६ हजार कोटी कमी पडतात. राजकोषीय तूट १ लाख ३६ हजार कोटी. ती राज्याच्या उत्पन्नाच्या तीन टक्क्यांच्या आत आहे, असे सरकार सांगते, आणि ते बरोबर आहे. पण त्या कर्जातला तिसरा हिस्सा चालू खर्चात जाणार आहे, हे सांगताना आवाज जरा खाली येतो.

आणि व्याज? केंद्राच्या २०२५-२६ च्या अंदाजात ५० लाख ६५ हजार कोटींच्या खर्चापैकी १२ लाख ७६ हजार कोटी निव्वळ व्याजाचे आहेत. रुपयातले चार आणे! हे चार आणे जातात कोणाकडे? सरकारी रोखे घेणाऱ्या बँका, विमा कंपन्या आणि भविष्य निर्वाह निधी यांच्याकडे. पर्यायाने तुमच्या-माझ्या ठेवींकडे. ज्याच्याकडे ठेव आहे त्याला व्याज मिळते. ज्याच्याकडे ठेव नाही तो साबणावर कर भरून ते व्याज द्यायला हातभार लावतो. अनुदानांवर आपण तावातावाने बोलतो, पण वरच्या दिशेने जाणाऱ्या या रकमेविषयी बोलल्याचे कोणाला आठवते का?

आता एक चांगले उदाहरण देतो, आणि ते आपल्या मातीतले आहे.

१९७२ चा दुष्काळ इथल्या ज्येष्ठांना आठवत असेल. खडी फोडायची, पाझर तलाव खोदायचे, सुकडी खायची. मे १९७३ मध्ये महाराष्ट्रात दुष्काळी कामांवर पन्नास लाखांच्या जवळपास माणसे होती. पण मागेल त्याला काम ही कल्पना त्याआधीची. विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांनी १९६५ साली सांगली जिल्ह्यात, तासगाव तालुक्यातल्या विसापूरला तिचा प्रयोग केला होता. दुष्काळाने त्या कल्पनेला बळ दिले. १९७७ साली रोजगार हमीचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो अमलात आला. पुढे २००५ साली संसदेने सगळ्या देशासाठी असा कायदा केला, तेव्हा समोर महाराष्ट्राचा अनुभव होता.

पण आज मला योजनेपेक्षा तिच्या पैशाविषयी सांगायचे आहे. काम देण्याची हमी द्यायची तर पैसा कुठून आणायचा? १९७५ साली महाराष्ट्राने व्यवसाय कर बसवला. नोकरदार मंडळी, तुमची पगाराची चिठ्ठी आठवा. दरमहा दोनशे रुपये, आणि फेब्रुवारीत तीनशे. वर्षाचे अडीच हजार. तो हा कर. शहरातल्या नोकरदाराकडून, वकिलाकडून, डॉक्टरकडून घ्यायचा, इतर काही करांची जोड द्यायची, त्यात सरकारने आपला वाटा घालायचा, आणि गावातल्या बेकार हाताला काम द्यायचे. कोण देतो आणि कोणाला मिळते, हे कायद्यातच लिहिलेले होते. कल्याणाच्या योजनेने आपला कर स्वतःबरोबर आणला! सार्वजनिक पैशाच्या व्यवहारात यापेक्षा प्रामाणिक मांडणी मला ठाऊक नाही.

अर्थात पुढे या प्रामाणिकपणालाही गंज चढला. कर वसूल होत राहिला, पण योजनेवरचा खर्च त्या प्रमाणात झाला नाही. काम मागणारे होते, कामे काढणारे नव्हते, आणि रोजगार हमीच्या नावाने गोळा झालेला पैसा राज्याच्या सर्वसाधारण तिजोरीत मिसळून गेला. गोखले ज्या शिल्लकेवर बोलले तिचीच ही धाकटी बहीण. कारण मागे पडले आणि कर राहिला. अडीच हजारांची कमाल मर्यादाही १९८८ च्या घटनादुरुस्तीत ठरली, ती आजही तीच आहे. तेव्हाचे अडीच हजार आणि आताचे अडीच हजार सारखेच आहेत का? शिपायाच्या पगारात तो टोचतो, आणि कंपनीच्या संचालकाच्या लक्षातही येत नाही.

आता याच कसोटीवर आजची योजना घासून पाहू. जुलै २०२४ पासून महाराष्ट्रात लाडकी बहीण योजना आहे. अडीच लाखांपर्यंत उत्पन्न असलेल्या कुटुंबातल्या पात्र महिलांना दरमहा दीड हजार रुपये. गरीब बाईच्या हातात थेट पैसा दिला की उधळपट्टी, आणि उद्योगाला सवलत दिली की प्रोत्साहन, असा दुटप्पी हिशेब मी करणार नाही. बाईच्या हातातला पैसा घरात, किराण्यात, मुलांच्या वह्यांत जातो. माझा प्रश्न वेगळा आहे. रोजगार हमीने १९७५ साली आपला कर आणला होता. २०२४ च्या योजनेने काय आणले? २०२५-२६ साठी तिची तरतूद ३६ हजार कोटींची आहे. ४६ हजार कोटींच्या महसुली तुटीशेजारी हा आकडा ठेवून पाहा. एक तर इतर खात्यांचा पैसा आवरायचा, नाहीतर कर्ज काढायचे, नाहीतर कोणावर तरी कर लावायचा. चौथा मार्ग नाही. तिन्हींपैकी कोणता निवडला ते लोकांना स्पष्ट सांगायला हवे होते. ज्याने द्यायचे त्याचे नाव न घेता ज्याला मिळणार त्याचेच नाव मोठ्याने घ्यायचे, ही आजच्या सर्वपक्षीय अर्थकारणाची रीत झाली आहे.

तिसरा प्रश्न. पैसा जाताना कोणी विचारले का?

१९०२ साली गोखल्यांना काय अधिकार होते? १८९२ च्या कायद्याप्रमाणे सदस्यांना अर्थसंकल्पावर बोलता येई. मत देता येत नसे. ठरावही मांडता येत नसे. वर्षातून एकदा बोला आणि घरी जा. तरीही या माणसाने वर्षभर तयारी करून दरवर्षी त्या एका संधीचे सोने केले.

आज आपल्या लोकप्रतिनिधींना काय अधिकार आहेत? सगळे! विधिमंडळाच्या मंजुरीशिवाय तिजोरीतून एक रुपयाही काढता येत नाही, असे घटना सांगते. आणि घडते काय? मार्च २०१८ मध्ये लोकसभेत गदारोळ चालू असताना सगळ्या खात्यांच्या मागण्या आणि वित्त विधेयक अर्ध्या तासाच्या आत, चर्चेविना मंजूर झाले. गोखल्यांना आवाज होता, मत नव्हते. आपल्याला मत आहे, आवाज बसला आहे.

महाराष्ट्रात तर आणखी एक खोड जडली आहे, पुरवणी मागण्यांची. अचानक पूर आला, गारपीट झाली, तर त्यासाठी ही सोय. पण २८ जून २०२४ रोजी आपला अर्थसंकल्प मांडला गेला, आणि ९ जुलैला ९४ हजार ८८९ कोटींच्या पुरवणी मागण्या आल्या. दोन आठवडेही झाले नव्हते! या दोन आठवड्यांत असे काय घडले जे जूनमध्ये माहीत नव्हते? ज्या अर्थसंकल्पाला मांडल्यावर पंधरा दिवसांत एवढी पुरवणी लागते, त्याच्या आकड्यांवर विसंबायचे कोणी?

पैशाचा जाब कोणी द्यायचा, हा प्रश्न डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनाही महत्त्वाचा वाटला. ते मुळात सार्वजनिक वित्ताचे अभ्यासक. ब्रिटिश हिंदुस्थानातल्या प्रांतिक वित्तव्यवस्थेवरचा त्यांचा ग्रंथ १९२५ साली प्रसिद्ध झाला. एकाने पैसा गोळा करायचा आणि दुसऱ्याने खर्च करायचा, अशी फारकत झाली की जबाबदारी कोणाचीच उरत नाही, हे त्या इतिहासातून निघणारे सार. पुढे घटना समितीत त्यांनी नियंत्रक आणि महालेखापरीक्षक हे पद घटनेतले बहुधा सर्वांत महत्त्वाचे पद असल्याचे सांगितले. आज त्या महालेखापरीक्षकांचा अहवाल विधिमंडळात केव्हा येतो? बहुतेक वेळा अधिवेशनाच्या शेवटच्या दिवशी, सगळे बॅगा भरत असताना.

आणि फारकत म्हणाल तर ती वाढतेच आहे. केंद्राच्या करांत राज्यांचा वाटा पंधराव्या वित्त आयोगाने ४१ टक्के ठरवला, पण उपकर आणि अधिभार त्या वाटणीच्या बाहेर असतात. महापालिकांची जकात गेली, आणि त्यांना भरपाईसाठी राज्याकडे पाहावे लागते. ग्रामपंचायतीची अवस्था तर तुम्ही जाणताच. रस्त्यावरच्या खड्ड्याबद्दल नगरसेवकाला विचारा, तो मंत्रालयाकडे बोट दाखवतो. मंत्रालय दिल्लीकडे.

श्रोतेहो, आता सार सांगतो. शिल्लक उरली म्हणून टाळ्या वाजवू नका, ती कोणाकडून उपसली ते पाहा. तूट आली म्हणून बोटे मोडू नका, ती कशासाठी केली ते पाहा. योजना जाहीर झाली की तिचा पैसा कोण देणार हे त्याच सभेत विचारा. जी योजना आपला कर सांगू शकत नाही ती आज ना उद्या शाळेच्या, इस्पितळाच्या किंवा नातवंडांच्या पैशांतून चालते.

हे सगळे अर्थतज्ज्ञांचे काम आहे, असे कोणी म्हणेल. नाही. सरकारी अहवाल वाचण्याची परवानगी गणेश व्यंकटेश जोश्यांना कोणी वेगळी दिलेली नव्हती. अर्थसंकल्पाच्या पुस्तकात प्रत्येक बाबीसमोर नव्या वर्षाच्या अंदाजाखेरीज आणखी तीन आकडे असतात. गेल्या वर्षीचा अंदाज, त्याचा सुधारित अंदाज, आणि त्याआधीच्या वर्षी प्रत्यक्ष झालेला खर्च. वर्तमानपत्रांत फक्त नव्या घोषणेचा आकडा छापला जातो. खरे राज्य त्या प्रत्यक्ष खर्चाच्या रकान्यात असते.

तेव्हा येत्या वर्षी एवढे करा. आपल्या ग्रामपंचायतीचे, नगरपालिकेचे किंवा महापालिकेचे अंदाजपत्रक मागून घ्या. त्यातली एकच बाब निवडा. शाळा घ्या, पाणी घ्या, दवाखाना घ्या. ठरवले किती आणि खर्चले किती, एवढे पाहा. फरक दिसला तर ग्रामसभेत उभे राहून विचारा, नगरसेवकाला लेखी विचारा, आणि उत्तर येईपर्यंत विचारत राहा.